अँटीव्हायरसची डीएलएल हरवली, तर ती फाइल शोधत बसू नका

प्रश्न थोडक्यात असा आहे. जुना अँटीव्हायरस काढून दुसरा बसवल्यापासून विंडोज सुरू होताना रनडीएलएलची एरर येते: अमुक मोड्यूल (म्हणजे डीएलएल फाइल) सापडले नाही. ती फाइल एखाद्या 'मोफत डीएलएल' साइटवरून उतरवून विंडोजच्या सिस्टम३२ फोल्डरमध्ये ठेवली तर चालेल का? शिवाय नव्या अँटीव्हायरसची एक डीएलएल ब्राउझरच्या आत लोड झालेली दिसते. ती व्हायरस असेल का, आणि डिलीट करता येईल का?

आधी सरळ उत्तर. फाइल उतरवू नका. ब्राउझरमधली डीएलएलही हाताने डिलीट करू नका. पहिल्या प्रकारात बहुधा फाइल हवीच आहे असे नसते. तिला हाक मारणारी जुनी नोंद मागे राहिलेली असते आणि ती काढली की काम संपते. दुसऱ्या प्रकारात ती फाइल बहुतेक वेळा खरीच असते, पण 'बहुतेक' या शब्दावर न थांबता ते पाच मिनिटांत तपासता येते. कसे, ते खाली सांगतो. त्याआधी सुरक्षा सॉफ्टवेअर आणि डीएलएल यांचे नाते समजून घ्यायला हवे, कारण या दुरुस्त्या फसतात त्या हे नाते लक्षात न घेतल्यामुळेच.

डीएलएल म्हणजे अनेक प्रोग्रॅमनी मिळून वापरायचा कोड. ती स्वतः चालत नाही; कुठली तरी प्रोसेस, म्हणजे चालू असलेला प्रोग्रॅम, तिला आपल्या मेमरीत ओढून घेते आणि तिच्यातली फंक्शन्स वापरते. अँटीव्हायरसच्या बाबतीत अशा फाइल्सचे तीन गट पडतात आणि तिन्हींची दुरुस्ती वेगवेगळी असते.

पहिला गट विंडोजच्या स्वतःच्या फाइल्सचा. डिजिटल सही, म्हणजे फाइल कुणाची आहे याचा पुरावा, तपासायला विनट्रस्ट.डीएलएल आणि क्रिप्ट३२.डीएलएल, नेटवर्कसाठी डब्ल्यूएस२_३२.डीएलएल, फाइल-फिल्टर ड्रायव्हरशी (उघडणाऱ्या फाइल्सवर नजर ठेवणाऱ्या, विंडोजच्या गाभ्यात चालणाऱ्या प्रोग्रॅमशी) बोलायला फ्लटलिब.डीएलएल. या फाइल्स अँटीव्हायरसच्या नसतात, पण त्यांच्यावर त्याचा सगळा डोलारा उभा असतो. २०२० च्या जानेवारीत क्रिप्ट३२.डीएलएलमधली एक गंभीर चूक मायक्रोसॉफ्टने दुरुस्त केली. ती अमेरिकेच्या राष्ट्रीय सुरक्षा संस्थेने म्हणजे एनएसएने कळवली होती. त्या चुकीमुळे बनावट प्रमाणपत्राने केलेली सही विंडोजला खरी वाटू शकत होती. म्हणजे या एका सामायिक फाइलमध्ये खोट असेल, तर तिच्याकडून सही तपासून घेणारे प्रत्येक सॉफ्टवेअर फसू शकते. विंडोज अपडेट बंद ठेवून फक्त अँटीव्हायरस ताजा ठेवणाऱ्यांनी एवढे एक उदाहरण तरी लक्षात ठेवावे.

दुसरा गट अँटीव्हायरसच्या स्वतःच्या फाइल्सचा. त्या त्याच्याच फोल्डरमध्ये राहतात. विंडोज डिफेंडरचे उदाहरण घ्या. एमएसएमपीइंग ही त्याची मुख्य प्रोसेस, पण व्हायरस ओळखण्याचे खरे काम एमपीइंजिन.डीएलएल करते आणि ओळखखुणा व्हीडीएम नावाच्या डेटा फाइल्समधून येतात. इंजिन, ओळखखुणा आणि प्रोग्रॅमचा मुख्य भाग हे एकमेकांना जुळणारे असावे लागतात आणि ते वरचेवर बदलत असतात. म्हणून दुसऱ्याच्या संगणकावरून यातली एकच फाइल उचलून आणली, तरी ती आपल्या संचात बसेल याची खात्री नसते.

तिसरा गट दुसऱ्यांच्या प्रोसेसमध्ये शिरणाऱ्या फाइल्सचा, आणि लोक घाबरतात ते याच गटाला पाहून. असे शिरावे का लागते? ६४-बिट विंडोजमध्ये २००५ पासून पॅचगार्ड नावाची राखण आहे. ती कर्नलच्या, म्हणजे विंडोजच्या गाभ्याच्या, मुख्य तक्त्यांना हात लावू देत नाही. प्रोग्रॅम काय करतो आहे हे पाहण्यासाठी सुरक्षा कंपन्यांपुढे मग मोजके मार्ग उरले. त्यातला एक म्हणजे प्रत्येक प्रोसेस सुरू होताना तिच्यात आपली डीएलएल घालायची आणि एनटीडीएलएल.डीएलएल या विंडोजच्या मूलभूत फाइलमधल्या महत्त्वाच्या फंक्शन्सचे पहिले काही बाइट बदलून हाक आधी आपल्याकडे वळवायची. याला हुकिंग म्हणतात. वाईट प्रोग्रॅमही नेमके हेच तंत्र वापरतात. त्यामुळे 'माझ्या ब्राउझरमध्ये परकी डीएलएल आहे' एवढ्यावरून ती चांगली की वाईट हे ठरत नाही.

ब्राउझर बनवणाऱ्यांना हा प्रकार कधीच आवडला नाही, आणि माझ्या मते त्यांचे म्हणणे बरोबर आहे. परकी डीएलएल कोसळली की तिच्यासोबत ब्राउझर कोसळतो आणि शिव्या ब्राउझरला बसतात. गुगल क्रोमने २०१८ मध्ये आधी अशा सॉफ्टवेअरबद्दल इशारा दाखवायला आणि मग शिरकाव अडवायला सुरुवात केली. फायरफॉक्समध्ये तर 'अबाउट:थर्ड-पार्टी' असे पान आहे. पत्त्याच्या जागी ते टाइप केले की आत आलेल्या परक्या मोड्यूलची यादी दिसते, कुठले मोड्यूल क्रॅशशी संबंधित आहे तेही कळते आणि नको ते तिथूनच अडवता येते. तुमचा ब्राउझर फायरफॉक्स असेल, तर तपासणी इथूनच सुरू करा.

मायक्रोसॉफ्टने यासाठी एक सरळ रस्ताही दिला आहे. विंडोज १० सोबत २०१५ मध्ये एएमएसआय.डीएलएल आली. पॉवरशेलसारखा प्रोग्रॅम स्क्रिप्ट चालवण्याआधी तिचा मजकूर या फाइलमार्फत तपासायला देतो आणि ती नोंदणीकृत अँटीव्हायरसच्या डीएलएलला विचारून निकाल सांगते. डिफेंडरची अशी फाइल म्हणजे एमपीओएव्ही.डीएलएल. पॉवरशेलच्या मोड्यूलमध्ये ही नावे दिसली तर घाबरू नका. एएमएसआय.डीएलएल दिसलीच नाही तर मात्र चौकशी करा, कारण हल्लेखोर आधी एएमएसआयलाच आंधळे करण्याच्या मागे असतात.

आता मूळ एररकडे. 'मोड्यूल सापडले नाही' या निरोपाचा अर्थ लोक 'फाइल हरवली, ती आणून ठेवा' असा घेतात. प्रत्यक्षात त्यामागे निदान तीन वेगळ्या गोष्टी असतात.

संगणक सुरू होताना रनडीएलएल या शीर्षकाची खिडकी येत असेल, तर नव्वद टक्के मामला जुन्या नोंदीचा असतो असे मी अनुभवावरून सांगेन. रनडीएलएल३२ हा विंडोजचाच प्रोग्रॅम. दिलेल्या डीएलएलमधले एखादे फंक्शन चालवणे एवढेच त्याचे काम. रजिस्ट्रीतल्या (विंडोजच्या सेटिंग्जच्या साठ्यातल्या) 'रन' यादीत किंवा ठरल्या वेळी कामे चालवणाऱ्या टास्क शेड्युलरमध्ये 'ही डीएलएल चालव' अशी नोंद उरली आणि फाइल गेली, की दर वेळी तीच एरर येते. फाइल जाते दोन कारणांनी. एक तर अनइन्स्टॉलर काम अर्धवट सोडतो. किंवा नव्या अँटीव्हायरसने ती फाइल व्हायरस म्हणून उचललेली असते. हे दुसरे कारण फार महत्त्वाचे. तुम्ही शोधत आहात ती 'हरवलेली' फाइल म्हणजे नुकताच हटवलेला व्हायरस असू शकतो! म्हणून आधी नव्या अँटीव्हायरसचा क्वारंटाइन (पकडलेल्या फाइल्स वेगळ्या ठेवण्याची जागा) आणि इतिहास उघडा आणि त्या नावाची फाइल तिथे आहे का ते पाहा.

नोंद शोधायला मायक्रोसॉफ्टच्या सिसइंटर्नल्स संचातले ऑटोरन्स वापरा; आपोआप सुरू होणाऱ्या गोष्टींची यादी ते दाखवते. ज्या नोंदीची फाइल जागेवर नाही ती त्यात पिवळ्या रंगात दिसते. तिची खूण आधी फक्त काढा, लगेच डिलीट करू नका. रिस्टार्ट करून एरर गेली आणि सगळे नीट चालले, की मग नोंद डिलीट करा. एक सावधगिरी: ऑटोरन्समध्ये पिवळे दिसले म्हणून सरसकट सगळ्या खुणा काढत सुटू नका. एररमध्ये जे नाव आहे तेवढ्याच नोंदीला हात लावा.

दुसरी शक्यता अशी की फाइल जागेवर आहे, पण तिला लागणारी दुसरी फाइल नाही. विंडोजचा १२६ क्रमांकाचा एरर याबाबतीत फार फसवतो. नाव सांगतो पहिल्या फाइलचे, आणि गायब असते तिला लागणारी दुसरीच. अँटीव्हायरसची खिडकी उघडत नाही आणि निरोपात एमएसव्हीसीपी१४० किंवा व्हीसीरनटाइम१४० अशी नावे दिसतात, तेव्हा ती मायक्रोसॉफ्टच्या व्हिज्युअल सी++ रनटाइमची (अनेक प्रोग्रॅमना लागणाऱ्या सामायिक डीएलएलच्या संचाची) गोष्ट असते. तो संच मायक्रोसॉफ्टच्या साइटवरून घ्या आणि ६४-बिट विंडोजवर एक्स८६ (३२-बिट) व एक्स६४ (६४-बिट) असे दोन्ही बसवा. व्हीसीरनटाइम१४०_१ ही फाइल २०१९ च्या आवृत्तीसोबत आली. संगणकावर त्याआधीचा संच असेल तर ती नसते, आणि 'रनटाइम तर बसवलेला आहे, मग फाइल का नाही' असा गोंधळ होतो. ताजा संच बसवला की सुटते.

तिसरी शक्यता ३२ आणि ६४ बिटच्या गफलतीची. ६४-बिट विंडोजमध्ये ६४-बिट फाइल्स सिस्टम३२ मध्ये असतात आणि ३२-बिट फाइल्स सिसवॉव६४ मध्ये. नावे उलटी वाटतात, पण व्यवस्था तशीच आहे. ६४-बिट प्रोसेस ३२-बिट डीएलएल लोड करू शकत नाही. उतरवलेली फाइल चुकीच्या फोल्डरमध्ये टाकल्यावर जो ०एक्ससी०००००७बी एरर येतो तो बहुधा यामुळेच येतो. अशा वेळी लोक वैतागून तीच फाइल दोन्हीकडे टाकतात आणि आधी नीट चालणारे दुसरे प्रोग्रॅमही बिघडवून ठेवतात.

उतरवलेली फाइल अगदी स्वच्छ, कुठलाही व्हायरस नसलेली असली तरी मी नको म्हणतो. याची कारणे तांत्रिक आहेत. सिस्टम३२ मध्ये टाकलेली फाइल फक्त तुमच्या अँटीव्हायरसला दिसत नाही, साऱ्या प्रोग्रॅमना दिसते. विंडोज डीएलएल शोधते त्याला क्रम आहे: रजिस्ट्रीतल्या 'नोन डीएलएल' (म्हणजे 'ओळखीच्या डीएलएल') यादीतल्या फाइल्स ठरलेल्या जागेवरूनच येतात, बाकीच्यांसाठी आधी प्रोग्रॅमचे स्वतःचे फोल्डर, मग सिस्टम३२, मग विंडोज फोल्डर, चालू फोल्डर आणि शेवटी 'पाथ' या सेटिंगमध्ये लिहिलेली फोल्डर्स. तुम्ही टाकलेली जुनी आवृत्ती त्यामुळे भलत्याच प्रोग्रॅमच्या हाती लागू शकते. तिला विंडोज अपडेट कधी हात लावणार नाही, म्हणजे तिच्यातल्या सुरक्षेच्या चुका तिथेच राहतील. शिवाय विंडोज ८.१ पासून अँटीव्हायरसची मुख्य सेवा संरक्षित प्रोसेस म्हणून चालवता येते, आणि अशा प्रोसेसमध्ये ठरलेल्या प्रमाणपत्राची सही नसलेली डीएलएल लोडच होत नाही. कुणी बदललेली फाइल तुम्ही आणून ठेवली, तर ती सेवा तिला दारातूनच परत पाठवेल.

रेगसर्व्हर३२ चालवा असा सल्लाही सर्रास मिळतो. ती कमांड फाइल दुरुस्त करत नाही. ज्या डीएलएलमध्ये नोंदणीचे फंक्शन आहे, तिची नोंद ती रजिस्ट्रीत करते, बस. बहुतेक डीएलएलमध्ये ते फंक्शन नसतेच, त्यामुळे आणखी एक एरर तेवढी पदरात पडते.

मग करायचे काय? फाइल ज्या संचातून आली तो संच दुरुस्त करायचा. विंडोजची फाइल असेल तर कमांड प्रॉम्प्ट अ‍ॅडमिनिस्ट्रेटर म्हणून उघडून आधी डिझम 'रिस्टोअर हेल्थ' पर्यायासह चालवा आणि नंतर एसएफसी स्कॅननाऊ; या दोन्ही विंडोजच्याच दुरुस्तीच्या कमांड आहेत. क्रम हाच ठेवा, कारण एसएफसी चांगली प्रत विंडोजच्या ज्या साठ्यातून घेते तो साठाच बिघडलेला असेल तर तिला काही करता येत नाही, आणि डिझम तो साठा दुरुस्त करते. मात्र एसएफसी दुसऱ्या कंपनीच्या अँटीव्हायरसच्या फाइल्स तपासत नाही. 'एसएफसीला काहीच सापडले नाही' याचा अर्थ अँटीव्हायरस ठीक आहे असा होत नाही.

अँटीव्हायरसची स्वतःची फाइल असेल, तर त्याचा इन्स्टॉलर पुन्हा चालवून 'रिपेअर' निवडा. तेवढ्याने भागले नाही तर पूर्ण काढून पुन्हा बसवा. जवळजवळ सगळ्या मोठ्या कंपन्या स्वतःचे खास रिमूव्हल टूल देतात. कंट्रोल पॅनेलमधून अनइन्स्टॉल केल्यावर ते चालवाच. ड्रायव्हर, सेवा, रजिस्ट्रीतल्या नोंदी असे बरेच काही नेहमीच्या अनइन्स्टॉलनंतर मागे राहते. फोल्डर निवडून डिलीट दाबणे हा अनइन्स्टॉलचा मार्ग नव्हे. सुरू असलेला अँटीव्हायरस आपल्या फाइल्सना हात लावू देत नाही, आणि सेफ मोडमध्ये (विंडोज अगदी मोजक्या गोष्टींसह सुरू करून) जबरदस्तीने केलेच, तर फाइल्स जातात आणि त्यांना हाक मारणाऱ्या नोंदी राहतात. जुन्या सॉफ्टवेअरच्या बाबतीत याचा सर्वांत वाईट परिणाम नेटवर्कवर होई. पूर्वी बरीच सुरक्षा सॉफ्टवेअर विनसॉकच्या, म्हणजे विंडोजच्या नेटवर्क-व्यवस्थेच्या, साखळीत आपली डीएलएल गुंफत. ती फाइल गेली आणि साखळीतली नोंद राहिली की वायफाय जोडलेले दिसते, पण एकही पान उघडत नाही. आजही जुना अँटीव्हायरस काढल्यावर असे झाले, तर नेटएसएच विनसॉक रीसेट ही कमांड देऊन रिस्टार्ट करा.

आता खरी-खोटी ओळखण्याबद्दल. नावावरून काहीही ठरवू नका. कुठल्याही फाइलला कुठलेही नाव देता येते. सिसइंटर्नल्स संचातलेच प्रोसेस एक्सप्लोरर उघडा, ब्राउझरची प्रोसेस निवडा, खालच्या भागात डीएलएलची यादी आणा आणि सही तपासण्याचा पर्याय सुरू करा. मग तीन गोष्टी पाहा: पूर्ण पाथ म्हणजे फाइलचे ठिकाण, सही कुणाची आणि ती वैध आहे का, आणि तीच फाइल आणखी कुठल्या प्रोसेसमध्ये आहे. अँटीव्हायरसची डीएलएल बहुधा प्रोग्रॅम फाइल्स किंवा प्रोग्रॅमडेटामधल्या त्याच्या फोल्डरातून किंवा सिस्टम३२ मधून येते, तिच्यावर त्याच कंपनीची वैध सही असते आणि ती बहुधा अनेक प्रोसेसमध्ये एकसारखी दिसते. टेम्प, डाउनलोड्स किंवा अ‍ॅपडेटामधून आलेली, सही नसलेली आणि फक्त ब्राउझरमध्येच शिरलेली फाइल असेल, तर संशय घ्यायला पुरेसे कारण आहे. यात एक गफलत नेहमी होते. विंडोजच्या पुष्कळ फाइल्सची सही फाइलमध्ये नसते, वेगळ्या कॅटलॉगमध्ये असते. त्यामुळे फाइलच्या प्रॉपर्टीजमध्ये 'डिजिटल सिग्नेचर्स' हा टॅबच दिसत नाही आणि लोक खऱ्या फाइलला बनावट ठरवून डिलीट करतात. प्रोसेस एक्सप्लोरर आणि त्याच संचातले सिगचेक कॅटलॉगही पाहतात, म्हणून निकाल त्यांच्यावरून लावा.

सही वैध आहे म्हणूनही पूर्ण निश्चिंत होऊ नका. साइड-लोडिंग म्हणून एक युक्ती आहे. हल्लेखोर नामांकित कंपनीची सही असलेली खरी ईएक्सई (प्रोग्रॅम चालवणारी फाइल) घेतो, वेगळ्याच फोल्डरमध्ये ठेवतो आणि तिला लागणाऱ्या डीएलएलच्या नावाने स्वतःची फाइल शेजारी ठेवतो. वर सांगितलेल्या क्रमात प्रोग्रॅमचे स्वतःचे फोल्डर सिस्टम३२ च्या आधी येते, म्हणून खरी ईएक्सई निमूटपणे खोटी डीएलएल लोड करते. प्लगएक्स या व्हायरसकुळाने यासाठी सुरक्षा कंपन्यांच्याच ईएक्सई अनेकदा वापरल्या आहेत. २०२४ मध्ये अव्हास्टच्या संशोधकांनी गुप्तीमायनर नावाचे प्रकरण उघड केले. त्यात ईस्कॅन अँटीव्हायरसचे अपडेट वाटेत अडवून बदलले जात होते आणि त्यासोबत आलेली व्हर्जन.डीएलएल अँटीव्हायरसचाच प्रोग्रॅम लोड करत होता. त्यामुळे माझा नियम असा: अँटीव्हायरसची सही असलेली ईएक्सई त्याच्या नेहमीच्या फोल्डरबाहेर चालताना दिसली, तर तिच्या शेजारची प्रत्येक डीएलएल तपासल्याशिवाय पुढे जायचे नाही.

याची उलटी बाजूही आहे. अँटीव्हायरस स्वतः चुकतो आणि विंडोजच्याच डीएलएलला व्हायरस ठरवतो. मे २००७ मध्ये सिमँटेकच्या एका अपडेटने सरलीकृत चिनी विंडोज एक्सपीतल्या नेटएपीआय३२.डीएलएल आणि एलएसएएसआरव्ही.डीएलएल या फाइल्स उचलल्या. नोव्हेंबर २००८ मध्ये एव्हीजीने यूझर३२.डीएलएलला ट्रोजन, म्हणजे सोंग घेऊन शिरणारा घातक प्रोग्रॅम, म्हटले. ज्यांनी सूचना मानून फाइल हटवली, त्यांचे संगणक नीट सुरू होईनात. म्हणून सिस्टम३२ मधल्या फाइलबद्दल इशारा आला, तर 'डिलीट' दाबू नका आणि रिस्टार्टही करू नका. आधी सही तपासा, ओळखखुणा अपडेट करून पुन्हा स्कॅन करा. चूक अँटीव्हायरसची असेल तर कंपनी सुधारित अपडेट सोडते आणि इशारा आपोआप थांबतो.

इंजिनच्या डीएलएलमध्येही चुका असतात, आणि तिथे त्या जास्त धोक्याच्या, कारण जगातली प्रत्येक अनोळखी फाइल उघडून पाहणे हेच तिचे काम. मे २०१७ मध्ये सुरक्षेच्या चुका शोधणाऱ्या गुगल प्रोजेक्ट झीरो गटाच्या टॅव्हिस ऑर्मंडी आणि नॅटली सिल्व्हानोविच यांनी डिफेंडरच्या एमपीइंजिनमध्ये अशी चूक दाखवली. खास बनवलेली फाइल नुसती स्कॅन झाली तरी हल्लेखोराचा कोड सर्वोच्च अधिकारांनी चालू शकत होता. मायक्रोसॉफ्टने काही दिवसांतच नवे इंजिन सोडले. ते नेहमीच्या ओळखखुणांच्या अपडेटमधूनच सगळ्यांपर्यंत गेले. ज्यांनी ते अपडेट 'नेट खातो' म्हणून बंद ठेवले होते, त्यांच्याकडे मात्र जुनीच डीएलएल राहिली.

डीएलएल बिघडली तर सहसा तिला लोड करणारी प्रोसेस कोसळते, अख्खा संगणक नव्हे. निळी स्क्रीन येत असेल तर दोष बहुधा ड्रायव्हरकडे असतो. १९ जुलै २०२४ रोजी क्राउडस्ट्राइक या सुरक्षा कंपनीच्या एका सदोष फाइलने मायक्रोसॉफ्टच्या अंदाजाप्रमाणे सुमारे ८५ लाख विंडोज संगणक बंद पाडले. ती फाइल डीएलएलही नव्हती आणि ड्रायव्हरही नव्हता. कर्नलमध्ये चालणाऱ्या ड्रायव्हरने वाचलेला तो नुसता डेटा होता. तुमच्या बाबतीत निळी स्क्रीन नाही, म्हणजे कर्नलचा भाग शाबूत आहे असे समजून वरच्या क्रमाने जा: क्वारंटाइनचा इतिहास, मग ऑटोरन्स, मग जुन्या अँटीव्हायरसचे रिमूव्हल टूल, मग रिस्टार्ट.

एवढे करूनही एरर राहिली, तर तिचा पूर्ण मजकूर, त्यातला फाइलचा पूर्ण पाथ, ऑटोरन्समध्ये ती नोंद कुठल्या टॅबखाली दिसली, विंडोजची आवृत्ती आणि दोन्ही अँटीव्हायरसची नावे लिहून पाठवा. फाइलचे नुसते नाव पाठवलेत तर मला पुन्हा हेच विचारावे लागेल.